मायकेल फॅरडे : स्वतःच्या मनावर पहारा ठेवणारा शास्त्रज्ञ

विजेच्या कारखान्यांत फिरणारें प्रचंड यंत्र असो कीं गल्लीच्या कोपऱ्यावरील रोहित्र असो, त्याच्या मुळाशीं एकाच माणसाचा शोध आहे. चुंबक आणि तारेचें वेटोळें यांच्या परस्पर हालचालीनें वीज उत्पन्न होते, हें मायकेल फॅरडे यानें १८३१ सालीं दाखवून दिलें. शाळेच्या पुस्तकांत त्याचें नांव येतें तें विजेच्या प्रकरणांत, आणि तें योग्यच आहे. परंतु त्याच्या आयुष्याची आणखी एक बाजू आहे. ती पाठ्यपुस्तकांत सहसा येत नाहीं. शास्त्र सामान्य माणसाच्या घरांत नेऊन पोंचविण्यासाठीं तो सुमारें पस्तीस वर्षें झटला. आणि अदृश्य शक्तींच्या नांवावर चाललेल्या एका लोकविलक्षण वेडाची त्यानें अशी परीक्षा केली कीं ती आजही नमुना म्हणून पुढें ठेवावी. त्या परीक्षेचें मर्म थोडक्यांत असें : दुसऱ्याच्या लबाडीचा संशय घेणें सोपें असतें, आपल्याच मनाचा संशय घेणें फार कठीण.

फॅरडेचा जन्म २२ सप्टेंबर १७९१ रोजीं न्यूइंग्टन बट्स येथें झाला. हें गांव आज लंडन शहराचाच भाग झालें आहे. बाप लोहार, तोही प्रकृतीनें अशक्त, घरांत दारिद्र्य. १८०१ सालच्या महागाईंत त्या नऊ वर्षांच्या मुलाच्या वांट्याला सबंध आठवड्यास एकच पाव येई, असें त्याच्या चरित्रकारानें नमूद केलें आहे. लिहिणें, वाचणें आणि थोडेंसें अंकगणित, एवढेंच त्याचें शालेय शिक्षण. १८०४ सालीं तो जॉर्ज रीबो नांवाच्या पुस्तकविक्रेत्याकडे पोऱ्या म्हणून राहिला आणि पुढच्या वर्षीं त्याच दुकानांत पुस्तकबांधणीच्या सात वर्षांच्या उमेदवारीस लागला.

ही उमेदवारी हेंच त्याचें विद्यापीठ झालें. बांधणीसाठीं आलेलीं पुस्तकें तो वाचून काढी. विश्वकोशांतील विजेवरचा लेख त्यानें तेथेंच वाचला, आणि जेन मार्सेट बाईंनीं संवादरूपानें लिहिलेलें रसायनशास्त्राचें पुस्तकही तेथेंच त्याच्या हातीं आलें. येथें एक गोष्ट लक्षांत घेण्यासारखी आहे. पुस्तकांत छापलें आहे म्हणून तें खरें, असें या मुलानें मानलें नाहीं. तुटपुंज्या पैशांतून बाटल्या, तारा आणि औषधें विकत आणून पुस्तकांतील विधानें तो स्वतः करून पाही. तीं खरीं उतरलीं तेव्हांच त्या पुस्तकावर त्याची श्रद्धा बसली. पुढें वृद्धपणींही त्या बाईंच्या पुस्तकाचा उल्लेख तो कृतज्ञतेनें करीत असे.

१८१२ सालीं दुकानाच्या एका गिऱ्हाइकानें त्याला रॉयल इन्स्टिट्यूशन या संस्थेंतील सर हंफ्री डेव्ही यांच्या चार व्याख्यानांचीं तिकिटें दिलीं. फॅरडेनें तीं व्याख्यानें टिपून घेतलीं, टिपणें सुवाच्य अक्षरांत उतरलीं, आकृत्या काढल्या, सगळें स्वतःच्या हातानें बांधलें आणि नोकरीच्या अर्जासह डेव्हीकडे पाठवून दिलें. कांहीं महिन्यांनीं प्रयोगशाळेंतील मदतनिसाची जागा रिकामी झाली. १ मार्च १८१३ रोजीं फॅरडेची नेमणूक झाली. पगार आठवड्यास २५ शिलिंग. शिवाय संस्थेच्या माडीवर दोन खोल्या, जळणासाठीं कोळसा आणि उजेडासाठीं मेणबत्त्या. त्यानंतर जवळजवळ सारें आयुष्य त्यानें त्याच वास्तूंत काढलें.

त्याच्या शोधांची यादी लांबलचक आहे. १८२१ सालीं विजेच्या योगें तार चुंबकाभोंवतीं सतत फिरत ठेवण्याची युक्ति त्यानें दाखविली. विजेच्या मोटारीचें बीज तें हेंच. १८२५ सालीं त्यानें बेन्झीन हा पदार्थ वेगळा केला. १८३१ सालीं विद्युत्-प्रवर्तनाचा शोध लागला. १८४५ सालीं चुंबकाचा प्रकाशावर परिणाम होतो हें त्यानें सिद्ध केलें. या माणसाला उच्च गणित येत नव्हतें. जें समजून घ्यावयाचें तें डोळ्यांनीं पाहून आणि हातांनीं करून, हाच त्याचा मार्ग होता. त्याच्या कल्पनांना गणिताची भाषा पुढें जेम्स क्लार्क मॅक्सवेल यानें दिली.

परंतु त्याच्या स्वभावाची खरी ओळख त्याच्या एका अपयशांत होते. वीज, चुंबकत्व आणि प्रकाश यांचें नातें जुळल्यावर गुरुत्वाकर्षणाचेंही विजेशीं नातें असलेंच पाहिजे, असें त्याला मनापासून वाटूं लागलें. १८४९ सालीं त्यानें प्रयोग सुरू केले. उंचावरून जड पदार्थ खालीं सोडावयाचे आणि भोंवतालच्या वेटोळ्यांत वीज उत्पन्न होते कीं काय तें पाहावयाचें. वीज उत्पन्न झाली नाहीं. मधूनमधून कांटा हाले, पण त्याचें कारण दुसरेंच निघे. अशा वेळीं एखादें अनुकूल निरीक्षण मोठें करून सांगावें आणि प्रतिकूल तें विसरावें, हा मोह कोणालाही होईल. फॅरडेनें आपले प्रयोग फसल्याचें रीतसर छापून प्रसिद्ध केलें. असें नातें असावें ही आपली भावना अजून दृढ आहे, पण तिला पुरावा म्हणतां येत नाहीं, असें त्यानें स्वच्छ लिहून ठेवलें. भावना आणि पुरावा हीं दोन वेगळ्या खात्यांत लिहावयाचीं असतात, हा हिशेब त्यानें जन्मभर सांभाळला.

आतां त्याच्या लोकशिक्षणाच्या कार्याकडे वळूं. १८२६ सालीं रॉयल इन्स्टिट्यूशनमध्यें शुक्रवारच्या सायंकाळचीं व्याख्यानें सुरू झालीं, त्यांत त्याचा पुढाकार होता; त्यानें स्वतः शंभरांहून अधिक व्याख्यानें दिलीं. नाताळाच्या सुटींत मुलांसाठीं प्रयोगांसह व्याख्यानें देण्याची प्रथा त्याच सुमारास पडली. १८२७ पासून १८६० सालच्या नाताळापर्यंत अशा एकोणीस व्याख्यानमाला एकट्या फॅरडेनें गुंफल्या. वक्तृत्व त्याला उपजत नव्हतें. त्यासाठीं त्यानें शिक्षक ठेवून धडे घेतले. बोलतांना आपली गति वाढते हें ओळखून ‘सावकाश’ असें लिहिलेला पुठ्ठ्याचा तुकडा मदतनिसाकडून तो आपल्यासमोर ठेववून घेत असे. मोठा विद्वान असूनही आपल्या दोषावर असा उघड उपाय करण्यांत त्याला कमीपणा वाटला नाहीं.

त्याची सर्वांत गाजलेली व्याख्यानमाला साध्या मेणबत्तीवर होती. मेणबत्तीच्या माथ्यावर वितळलेल्या मेणाची वाटी कां तयार होते? तें मेण वातींतून वर कसें चढतें? ज्योतीच्या मध्यभागीं नळी धरली तर तिच्या दुसऱ्या टोंकाशीं निघणारी वाफ पेटते ती कां? ज्योतीवर थंड भांडें धरलें असतां त्यावर पाणी कोठून येतें? असे एकेक प्रश्न विचारीत तो मुलांना प्राणवायु, जलवायु आणि कर्बवायु यांच्यापर्यंत नेई. आणि शेवटीं, मनुष्य श्वास घेतो तेव्हां त्याच्या शरीरांतही मेणबत्तीच्या जळण्यासारखीच क्रिया चाललेली असते, येथें आणून सोडी. घरोघरीं जळणाऱ्या वस्तूंत सृष्टीचे इतके नियम सांठविलेले आहेत हें कळल्यावर मुलांना चमत्कारासाठीं दूर जावें लागत नसे. १८६०-६१ सालचीं हीं सहा व्याख्यानें पुस्तकरूपानें निघालीं आणि जगांतील अनेक भाषांत गेलीं.

अशा या माणसापुढें १८५३ सालीं एक विचित्र प्रश्न येऊन उभा राहिला. अमेरिकेंत न्यूयॉर्क संस्थानांतील एका खेड्यांत १८४८ सालीं फॉक्स आडनांवाच्या बहिणींच्या घरीं टकटक असे आवाज होऊं लागले आणि ते मृतात्म्यांचे आहेत अशी हूल उठली. तेथून मृतात्म्यांशीं बोलण्याचें वेड पसरत पसरत इंग्लंडांत आलें. १८५३ च्या वसंतऋतूंत लंडनच्या प्रतिष्ठित घरांतून ‘मेज फिरविण्याचे’ प्रयोग रंगूं लागले. चार-सहा माणसांनीं मेजाभोंवतीं बसावयाचें, हात मेजावर हलकेच टेकावयाचे आणि वाट पाहावयाची. थोड्या वेळानें मेज खरोखरच हाले, फिरूं लागे, कधीं कधीं बसलेल्यांना त्याच्यामागें धांवावें लागे. कोणी म्हणे हा मृतात्म्यांचा संचार, कोणी म्हणे ही सैतानाची करणी, कोणी पृथ्वीच्या फिरण्याकडे बोट दाखवी. पुष्कळ शिकलेले लोक मात्र म्हणत, ही शरीरांतून निघणारी वीज किंवा चुंबकशक्ति आहे. विजेचें नांव निघाल्यावर लोकांनीं फॅरडेला गाठावें हें ओघानेंच आलें. पत्रांचा आणि प्रश्नांचा भडिमार झाला.

हें सारें थोतांड आहे असें एका वाक्यांत सांगून त्याला मोकळें होतां आलें असतें. त्यानें तसें केलें नाहीं. मेज फिरतें हें अनेक प्रामाणिक माणसांनीं पाहिलेलें होतें. तेव्हां तें कां फिरतें हा रास्त प्रश्न आहे, असें त्यानें मानलें. ज्यांचा हात लागला कीं मेज हमखास फिरतें, आणि ज्यांच्या सचोटीविषयीं शंका नाहीं, अशीच माणसें त्यानें प्रयोगाला निवडलीं.

पहिली पायरी साधी होती. कांच, पुठ्ठा, लांकूड, खरखरीत कागद अशा भिन्न भिन्न पदार्थांची एकत्र बांधलेली गड्डी त्यानें मेजावर ठेवली आणि तिच्यावर हात ठेवावयास सांगितलें. मेज पूर्वीप्रमाणेंच फिरलें. यावरून या पदार्थांनीं मेजाच्या फिरण्यास अडथळा येत नाहीं हें ठरलें, आणि पुढच्या प्रयोगांत ते वापरण्यास हरकत उरली नाहीं. विजेचा किंवा चुंबकत्वाचा मागमूसही त्याच्या उपकरणांना लागला नाहीं.

दुसऱ्या पायरींत त्याची बुद्धि दिसून येते. त्यानें गुळगुळीत पुठ्ठ्याचे चार-पांच तुकडे एकावर एक रचले आणि त्यांच्यामध्यें मऊ, चिकट मेणासारख्या लुकणाच्या लहान लहान गोळ्या ठेवल्या. जोर पडला तर तुकडे हळूहळू सरकावेत, पण सरकल्यावर जेथल्या तेथें राहावेत, अशी ती योजना. सर्वांत खालच्या तुकड्याखालीं खरखरीत कागद लावला, म्हणजे तो मेजावरून घसरूं नये. तुकड्यांच्या कडांवर पेन्सिलीची खूण केली, आणि वरचा तुकडा थोडा मोठा घेतला, म्हणजे खालचे तुकडे बसलेल्यांना दिसूं नयेत. आतां विचार करा. मेज आपल्या शक्तीनें डावीकडे गेलें, तर तें आधीं खालचा तुकडा ओढील आणि वरचे तुकडे व हात मागें रेंगाळतील. पण हातच मेजाला ढकलीत असले, तर सर्वांत वरचा तुकडा पुढें जाईल आणि खालचे मागें राहतील. मेज फिरलें, हात उचलले आणि फॅरडेनें खुणा तपासल्या. वरचा तुकडा सर्वांत पुढें गेलेला होता. हात मेजाच्या आधीं सरकले होते, आणि मेजाहून अधिक सरकले होते. बसलेल्या मंडळींना ही गोष्ट दाखविली तेव्हां तीं चकित झालीं. कारण आपण केवळ खालीं दाबीत होतों, बाजूस लोटीत नव्हतों, अशी त्यांची मनोमन खात्री होती.

तिसरी पायरी सर्वांत बोधप्रद आहे. दोन पातळ फळ्या घेऊन त्यांच्यामध्यें त्यानें कांचेच्या गोल दांड्या ठेवल्या, त्यांना रबराचे पट्टे बांधले, आणि वरची फळी किंचित् जरी सरकली तरी ती हालचाल मोठी करून दाखवील असा गवताच्या काडीचा हलका कांटा जोडला. कांटा बसलेल्यांच्या दृष्टीआड ठेवला, तेव्हां तो हाताच्या लोटण्यानें कलत राही आणि मागोमाग मेजही हाले. पण कांटा त्यांच्या डोळ्यांसमोर उभा केला, त्याबरोबर सारा चमत्कार थांबला! ज्यांच्या हाताखालीं मेज हमखास फिरे, त्यांच्या हाताखालीं तें आतां जागचें हलेना. कांटा जरा कलूं लागला कीं त्यांना आपला हात सरकतो आहे हें कळे, आणि ते तत्काळ सांवरून बसत. कोणी कोणाला रागें भरलें नाहीं, कोणाला खोटें ठरविलें नाहीं. आपण काय करीत आहों हें फक्त दाखविलें, आणि तेवढ्यानें भ्रम सुटला. मनाला दुरुस्त करण्याची जी शक्ति या साध्या काडींत आहे, तीच या उपकरणाची सर्वांत मोठी किंमत, असा अभिप्राय फॅरडेनें दिला.

इच्छा आणि अपेक्षा यांच्या योगें स्नायु नकळत हालतात, हा सिद्धांत डॉक्टर विल्यम कार्पेंटर यांनीं १८५२ सालीं रॉयल इन्स्टिट्यूशनमध्येंच मांडला होता. फॅरडेच्या प्रयोगानें त्याला डोळ्यांनीं दिसणारा पुरावा मिळाला. ३० जून १८५३ च्या ‘टाइम्स’ पत्रांत त्याचें पत्र आलें आणि पाठोपाठ २ जुलैच्या ‘अथेनियम’ साप्ताहिकांत प्रयोगाची सविस्तर हकीकत आली. उपकरणही लोकांना पाहावयास ठेवण्यांत आलें.

मग वेड थांबलें काय? मुळींच नाहीं. तुमचे लोक ढकलीत असतील, आमचें मेज खरोखरच आपोआप फिरतें, असें सांगणारीं पत्रें येतच राहिलीं. बासेल येथील आपला मित्र शोनबाइन याला लिहिलेल्या पत्रांत फॅरडेनें जगाच्या भोळेपणाबद्दल मोठा खेद व्यक्त केला आहे. त्याला अधिक लागून राहिलें तें हें कीं, या भ्रमांत सांपडलेलीं माणसें अडाणी नव्हतीं. उत्तम शाळांतून शिकून बाहेर पडलेलीं होतीं. तेव्हां दोष माणसांचा नसून शिक्षणाचा असला पाहिजे, या निर्णयावर तो आला.

६ मे १८५४ रोजीं राणीचे पति प्रिन्स अल्बर्ट यांच्या अध्यक्षतेखालीं त्यानें मनाच्या शिक्षणाविषयीं एक व्याख्यान दिलें. त्याचा आशय असा : मनुष्याच्या ठायीं सर्वांत मोठी उणीव असेल तर ती निर्णयशक्तीची. आपल्या इच्छेला अनुकूल तेवढाच पुरावा आपण आनंदानें उचलतों आणि प्रतिकूल पुराव्याशीं वैर धरतों. यावर उपाय एकच, तो म्हणजे स्वतःला लावून घेतलेली शिस्त. जें आपल्याला हवेंसें वाटतें त्याचीच अधिक कसून तपासणी करावी. पुरावा अपुरा असेल तेथें निर्णय राखून ठेवावा. आणि चूक कळली कीं ती मान्य करावी. हे विचार आपल्या स्वतःच्या अनुभवांतून आले आहेत, असें त्यानें सांगितलें. १८६२ सालीं सरकारी शाळा-चौकशी मंडळापुढें साक्ष देतांनाही, शाळांतून सृष्टिविज्ञान शिकविलें पाहिजे असा आग्रह त्यानें याच अनुभवाच्या आधारें धरला.

लोकांच्या हिताचा प्रश्न आला कीं त्याची परीक्षा अशीच साधी असे. जुलै १८५५ मध्यें थेम्स नदीची दुर्दशा पाहून त्यानें पांढऱ्या कार्डांचे तुकडे ओले करून जागोजागीं पाण्यांत सोडले. बोटभर खोल जाण्याच्या आंतच ते दिसेनासे होत. इतकें पाणी गढूळ आहे हें त्यानें ‘टाइम्स’ला लिहून कळविलें. तीन वर्षांनीं दुर्गंधीनें सारें शहर हैराण झालें, तेव्हां मोठ्या गटारांची योजना हातीं घेण्यांत आली.

फॅरडे नास्तिक होता असें मात्र कोणी समजूं नये. सँडेमनियन नांवाच्या एका लहानशा ख्रिस्ती पंथाचा तो निष्ठावंत अनुयायी होता. मनाच्या शिक्षणावरील व्याख्यानांत आरंभींच त्यानें धर्मश्रद्धेचा विषय बाजूस ठेवला. पण मेज हालणें ही या जगांतील घटना आहे. ती मोजतां येते, तपासतां येते. तिला श्रद्धेची सवलत मिळणार नाहीं, ही त्याची भूमिका होती. १८६१ सालीं होम नांवाच्या प्रसिद्ध माध्यमाच्या बैठकीस येण्याविषयीं विचारणा झाली, तेव्हां मोकळी तपासणी होऊं द्यावी या प्रकारच्या अटी त्यानें घातल्या. ती बैठक झालीच नाहीं.

याच कथेंत एक विलक्षण योगायोग आहे. मेणबत्तीवरील व्याख्यानांचें संपादन ज्यानें केलें तो विल्यम क्रुक्स. १८६१ सालींच थॅलियम या मूलद्रव्याचा शोध लावणारा हा मोठा शास्त्रज्ञ. फॅरडेच्या पायांशीं बसून शिकावें अशी त्याची योग्यता. तोच क्रुक्स १८७० नंतरच्या वर्षांत माध्यमांच्या नादीं लागला आणि होमच्या ठायीं एक नवीन शक्ति असल्याची ग्वाही देऊं लागला. शास्त्राची माहिती असणें म्हणजे भ्रमापासून सुरक्षित असणें नव्हे, हें यावरून कळून येतें. माहिती डोक्यांत राहते. शिस्त रोज पाळावी लागते.

‘सर’ ही पदवी फॅरडेनें नाकारली. रॉयल सोसायटीचें अध्यक्षपदही नाकारलें. राणीनें दिलेल्या हॅम्प्टन कोर्टजवळच्या घरांत २५ ऑगस्ट १८६७ रोजीं त्याचा अंत झाला. हायगेटच्या स्मशानभूमींत एका साध्या दगडाखालीं तो विसावला आहे.

मेजें फिरविण्याची ती लाट ओसरली, पण तिचें अपत्य जें प्लँचेट, तें महाराष्ट्रांतील सुशिक्षित घरांतूनही पुष्कळ खेळलें गेलें. अजूनही पाटावर अक्षरें मांडून वाटीवर किंवा नाण्यावर बोटें ठेवणारीं मुलें आढळतात. अशा वेळीं वडील माणसांनीं त्यांना रागें भरूं नये आणि त्यांची थट्टाही करूं नये. पत्त्यांचीं तीन-चार जुनीं पानें घ्यावींत, त्यांच्यामध्यें मऊ मेणाचे थेंब ठेवावेत, कडांवरून पेन्सिलीची एक सरळ रेघ ओढावी आणि ही गड्डी त्या नाण्याच्या व बोटांच्या मध्यें ठेवून खेळ चालूं द्यावा. खेळ संपल्यावर ती रेघ मुलांनींच तपासावी. कोणतें पान आधीं सरकलें हें त्यांना दिसेल. पुढचें सांगण्याची गरज पडणार नाहीं.